खडकवासला : एका तळ्याकाठचा मुलूख

पावसाळा लागला की पुण्याच्या वर्तमानपत्रांत रोज एक छोटा तक्ता छापून येतो. त्यात टेमघर, वरसगाव, पानशेत आणि खडकवासला ही चार नावे असतात आणि प्रत्येकापुढे टीएमसीतला साठा. चारही धरणे भरली की बेरीज 29.15 टीएमसी होते. त्यात वरसगावचे 12.82, पानशेतचे 10.65, टेमघरचे 3.71 आणि खडकवासल्याचे अवघे 1.97. एक टीएमसी म्हणजे शंभर कोटी घनफूट, लिटरच्या हिशेबात सुमारे 2,830 कोटी लिटर. चौघांत खडकवासला सर्वांत लहान आणि सर्वांत जुने. तरीही या सगळ्या व्यवस्थेला 'खडकवासला प्रकल्प' हेच नाव आहे, आणि ते रास्तच आहे. वरच्या तिन्ही धरणांतून सोडलेले पाणी आधी याच तळ्यात उतरते, आणि पुणे शहर असो वा इंदापूरचे शिवार, पुढची वाट त्याला इथूनच मिळते.

पुणेकरांना हे तळे रविवारच्या चौपाटीमुळे आणि नळाच्या पाण्यामुळे माहीत असते. पण त्याच्या काठाने एक स्वतंत्र मुलूख नांदतो. स्वारगेटपासून जेमतेम पंधरा-सोळा किलोमीटरवर सुरू होणारा हा मुलूख फारसा मोठा नाही. धरणाच्या भिंतीपासून सांगरुणच्या संगमापर्यंत तासाभरात गाडीने जाता येते. तेवढ्या अंतरात शिवकाळाआधीपासूनच्या वाड्या-वस्त्या आहेत, आशियात नावाजलेली जलविज्ञानाची प्रयोगशाळा आहे, देशाचे सेनाधिकारी घडवणारी प्रबोधिनी आहे आणि पाण्याखाली गेलेली शेतेही आहेत. इतक्या निरनिराळ्या जगांना एका पाण्याने एकत्र आणल्याचे दुसरे उदाहरण महाराष्ट्रात शोधूनही सापडणे कठीण.

भूगोलापासून सुरुवात करू. सह्याद्रीच्या मुख्य धारेवरून पूर्वेकडे तीन नद्या उतरतात. मुठा, मोसे आणि आंबी. तिन्हींची खोरी अरुंद आणि खोल, मध्ये बेसॉल्टच्या उंच सोंडा. मुठेवर टेमघर, मोसेवर वरसगाव आणि आंबीवर पानशेत अशी आज प्रत्येकीवर धरणाची भिंत उभी आहे. सांगरुण गावाजवळ तिघी एकत्र येतात आणि मुठा या एकाच नावाने पुढे निघतात. खडकवासल्याचा फुगवटा इथवर पोचतो. दक्षिणेला भुलेश्वर रांगेची भिंत आणि तिच्यावर तेराशे मीटरपेक्षा उंच उठलेला सिंहगड. उत्तरेची डोंगररांग मुठेचे खोरे मुळेच्या खोऱ्यापासून वेगळे करते. या दोहोंमध्ये वळणे घेत पडलेले तळे नकाशावर नदीसारखेच दिसते. लांबीच्या मानाने रुंदी अगदी थोडी.

या पट्ट्यात पाऊस किती वेगाने बदलतो, हे पाहिले की धरणाचे कारण आपोआप उलगडते. घाटमाथ्यालगत टेमघर-दासवे भागात एका हंगामात तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस कोसळतो. तिथून चाळीस-पन्नास किलोमीटरवरच्या पुण्यात तो सातशेच्या घरात येतो. आणखी पूर्वेला दौंड-इंदापूरकडे पाचशेच्या आतबाहेर. म्हणजे वरच्या अंगाला चार महिने ढगांतून सूर्य दिसत नाही आणि खालच्या अंगाला पेरणीसाठी आभाळाकडे डोळे लागलेले असतात. पाणी पश्चिमेला, जमीन पूर्वेला. ही विषम वाटणी भरून काढण्याच्या खटपटीतून खडकवासला जन्माला आले.

पण धरणाआधीही इथे माणसे होतीच. बारा मावळांपैकी मोसे खोरे, मुठा खोरे आणि कर्यात मावळ यांचा हा प्रदेश. मोसे खोऱ्याचे देशमुख बाजी पासलकर शिवाजी महाराजांच्या अगदी सुरुवातीच्या सोबत्यांपैकी. वरसगावच्या जलाशयाला आज त्यांचे नाव आहे, तर पानशेतच्या जलाशयाला तानाजींचे. त्याहूनही मागे गेले तर चौदाव्या शतकात कोंढाणा म्हणजे आजचा सिंहगड नाग नायक या कोळी नायकाच्या ताब्यात होता आणि महंमद तुघलकाला तो घेण्यासाठी कित्येक महिने वेढा घालून बसावे लागले होते. सिंहगडाच्या घेऱ्यातल्या वाड्यांत आजही महादेव कोळी समाजाची घरे आहेत. गडावर पिठलं-भाकरी, कांदाभजी आणि मडक्यातले दही देणाऱ्या बायका या घेऱ्यातल्या, अतकरवाडी-डोणज्याकडच्या. शहरातून येणारे त्यांच्याकडे जेवतात, पण ज्या कुळांनी पिढ्यान्‌पिढ्या हा गड राखला त्यांच्या हातचे आपण जेवतो आहोत, हे फार थोड्यांच्या मनात येत असेल.

खोऱ्यातली शेती भाताची. खाचरे बांधून, राब भाजून, आवण टाकून, पाऊस जमला की चिखलणी आणि लावणी. उतारावर नाचणी आणि वरई. मावळा कुणब्यांची ही पद्धत घाटमाथ्यालगतच्या प्रत्येक खोऱ्यात दिसते; आता इंद्रायणी वाणाने जुन्या भातांना बरेच मागे सारले आहे. त्याहून वर, सड्यांच्या आणि पठारांच्या कडेने गवळी धनगरांची गुरे. नदीकाठी कातकरी आणि भोई. जमिनीच्या उंचीनुसार कोण कुठे राहणार हे जणू ठरलेले होते, आणि प्रत्येकाचे पोट दुसऱ्याच्या दुधावर, भातावर, मासळीवर अवलंबून होते.

1860 च्या दशकात ब्रिटिश सरकारच्या अभियंत्यांनी पुण्याच्या पूर्वेकडच्या दुष्काळी पट्ट्याची पाहणी केली. त्या कामाशी कर्नल फाइफ यांचे नाव जोडलेले आहे. खडकवासल्याच्या तळ्याला इंग्रजी कागदपत्रांत पुढे कित्येक वर्षे 'फाइफ तलाव' असेच म्हटले जाई. दशकाच्या अखेरीस काम सुरू झाले आणि 1879 मध्ये धरण पूर्ण झाले. दगड आणि चुन्याच्या बांधकामाचे एवढे मोठे धरण भारतात तोवर जवळपास अपूर्व होते. त्याच्या पायथ्यापासून निघालेला मुठा उजवा कालवा पर्वतीच्या पायथ्याने, स्वारगेट-हडपसरवरून पूर्वेला गेला. पुणे शहर आणि लष्कराच्या छावणीला पाणी आणि पूर्वेच्या कोरडवाहू शेतीला ओलित असा दुहेरी हेतू त्यात होता.

कालवा आला म्हणून शेतकऱ्याने पाणी घेतलेच असे झाले नाही. पाणीपट्टी, सरकारी कारभाराची भीती आणि पाणभरत्या शेतीचा अनुभव नसणे, अशी त्याची कारणे होती. इथे या कालव्याच्या इतिहासात महात्मा फुले येतात. फुले समाजसुधारक होते तसेच व्यवसायाने कंत्राटदार आणि शेतकरीही होते. त्यांनी हडपसरपुढे मांजरीला जमीन घेतली आणि कालव्याच्या पाण्यावर बागायत करून दाखवली, असे त्यांच्या चरित्रांत नोंदलेले आहे. 1883 मध्ये लिहिलेल्या 'शेतकऱ्याचा असूड' या ग्रंथात पाटबंधारे खात्याच्या कारभारावर जी कडक टीका आहे, ती अशा प्रत्यक्ष अनुभवातून आलेली आहे. पावसाचे पाणी डोंगरात कसे अडवावे, माती वाहून जाऊ नये म्हणून काय करावे, याचा विचार त्यांनी त्या काळात मांडला. खडकवासल्याच्या कालव्याचा पहिला खरा टीकाकार आणि पहिला डोळस वापरकर्ता एकाच माणसात सापडतो, ही गोष्ट शाळेच्या पुस्तकात असायला हवी.

धरण बांधून वीसेक वर्षे झाली तरी पाणी कमी पडतच होते. सांडव्यावरून दर पावसाळ्यात सहा ते आठ फूट उंचीचे पाणी वाहून जाई आणि उन्हाळ्यात तळे आटे. सांडव्याची भिंतच वाढवावी तर पूर आल्यावर पाणी धरणाच्या सुरक्षित पातळीच्या वर चढेल. पुण्यातच अभियांत्रिकी शिकलेले आणि मुंबई इलाख्याच्या बांधकाम खात्यात नोकरी करणारे मोक्षगुंडम विश्वेश्वरय्या यांनी यावर स्वयंचलित दरवाजांची योजना आखली. सांडव्यावर बसवलेले हे दरवाजे आठ फुटांपर्यंत पाणी अडवून धरत. पाणी ठरलेल्या पातळीला पोचले की माणसाचा हात न लागता ते उघडत, पुराचे पाणी निघून जाई आणि पातळी उतरली की ते आपोआप मिटत. 1903 मध्ये खडकवासल्याला ते बसले आणि तळ्याचा साठा सुमारे पंचवीस टक्क्यांनी वाढला. धरणाची भिंत एक इंचही उंच न करता. पुढे हीच रचना ग्वाल्हेरजवळच्या टिग्रा धरणावर आणि म्हैसूरच्या कृष्णराजसागरावर वापरली गेली. आपण बसवलेले खडकवासल्याचे दरवाजे जवळपास पन्नास वर्षांनंतरही काम करत असल्याचे विश्वेश्वरय्यांनी आपल्या आठवणींत समाधानाने नमूद केले आहे.

पाण्याची अशी शास्त्रीय चौकशी इथेच पुढे रुजली. सिंचनाच्या पद्धती सुधारण्यासाठी 1916 मध्ये मुंबई सरकारने हडपसरला एक विशेष कक्ष उघडला. 1925 च्या सुमारास तो खडकवासल्याला, धरणाच्या पायथ्याशी हलवला गेला. कारण उघड होते. तळ्यातले पाणी उताराने, बारा महिने मिळत होते. नद्यांच्या, बंदरांच्या आणि धरणांच्या प्रतिकृती बनवायच्या आणि त्यांतून खरे पाणी वाहवून पाहायचे, तर त्याहून चांगली जागा नव्हती. हाच कक्ष पुढे केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन संस्था म्हणून ओळखला जाऊ लागला.

या संस्थेत काय चालते, याची नीट कल्पना पुण्यातल्या सुशिक्षितांनाही नसते. मोठमोठ्या शेडमध्ये जमिनीवर एखादी अख्खी नदी प्रमाणात आखलेली असते. तिची वळणे, तिची वाळू, तिच्यावर होऊ घातलेला पूल, सगळे त्यात असते. पाणी सोडले की वाळू सरकते, काठ कापला जातो, खांबाशी खड्डा पडतो. प्रत्यक्षात जे घडायला कित्येक वर्षे लागतील ते इथे थोड्या दिवसांत डोळ्यांसमोर घडते, आणि त्यावरून बांध कुठे घालावा, बंदराची भिंत कुठे वळवावी, हे ठरते. संस्थेच्या सुरुवातीच्या काळाशी निगडित असलेले सर क्लॉड इंग्लिस भारतातून परतल्यावर इंग्लंडच्या वॉलिंगफर्ड येथील जलविज्ञान केंद्राचे पहिले संचालक झाले. मुठेच्या काठी शिकलेली विद्या थेम्सकाठी गेली, असे म्हणायला हरकत नाही. 1971 मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आशियाई आयोगाने खडकवासल्याच्या या संस्थेला प्रादेशिक प्रयोगशाळा म्हणून मान्यता दिली. शेजारीच राष्ट्रीय जल अकादमी आहे, जिथे देशभरातले जलअभियंते प्रशिक्षणासाठी येतात.

तळ्याच्या उत्तर काठावरचे जग वेगळे आहे. दुसऱ्या महायुद्धात समुद्रातून किनाऱ्यावर उतरण्याचा सराव सैनिकांना देण्यासाठी इथे केंद्र उघडले गेले आणि एका जहाजाची नक्कल काठावर उभी करण्यात आली. समुद्रापासून शंभरेक किलोमीटर दूर, डोंगरांच्या कुशीत, 'एचएमएस अँगोस्तुरा' नावाचे हे जहाज होते. स्वातंत्र्यानंतर तिन्ही सेनादलांच्या संयुक्त प्रबोधिनीसाठी जागा शोधताना ही पूर्वतयारी, तळे, जवळचा लोहगाव विमानतळ आणि सिंहगडाचा डोंगर हे सगळे खडकवासल्याच्या बाजूने गेले. मुंबई राज्याने सात हजार एकरांहून अधिक जमीन देऊ केली. 6 ऑक्टोबर 1949 रोजी पंडित नेहरूंनी कोनशिला बसवली आणि 16 जानेवारी 1955 रोजी राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीचे उद्घाटन झाले.

तिच्या मुख्य इमारतीला 'सुदान ब्लॉक' हे नाव कसे पडले, ही कथा सांगण्यासारखी आहे. महायुद्धात पूर्व आफ्रिकेच्या मोहिमेत सुदानच्या मुक्ततेसाठी भारतीय सैनिकांनी रक्त सांडले. त्यांच्या स्मारकासाठी सुदान सरकारने 1941 मध्ये एक लाख पौंड भारताला दिले. फाळणीत त्यातले सत्तर हजार भारताच्या वाट्याला आले आणि त्यांचा उपयोग या इमारतीसाठी झाला. जोधपूरचा लाल दगड आणि दख्खनचा काळा बेसॉल्ट यांची ती वास्तू 1959 मध्ये खुली झाली. तळ्याच्या 'पीकॉक बे' या खाडीसारख्या भागात छात्र आजही शिडाच्या होड्या हाकायला शिकतात. 30 मे 2025 रोजी प्रबोधिनीतून 17 मुलींची पहिली तुकडी उत्तीर्ण होऊन बाहेर पडली. हा दिवस या तळ्याच्या इतिहासात ठळक अक्षरांत लिहावा असा आहे.

कोंढवे-धावडे, कोपरे, अहिरे, कुडजे ही नावे मात्र प्रबोधिनीच्या गौरवगाथेत फारशी येत नाहीत. देशाची ही संस्था या गावांच्या शिवारांच्या शेजारी वाढली आणि त्यांच्या गायरानांचा, वाटांचा, वहिवाटीचा प्रश्न पुढच्या पिढ्यांना सोडवत बसावा लागला. देशसेवेत त्यांचाही वाटा आहे, असे मी मानतो.

आणि मग 12 जुलै 1961. पानशेतचे मातीचे धरण त्या वर्षी पूर्ण झालेले नव्हते. पावसाळ्यात पाणी झपाट्याने चढले. पाणी सोडण्याच्या मोरीचे काम अपुरे होते, ती खचली आणि तिच्यावरचा मातीचा भराव दबत गेला. जवानांनी रात्रभर वाळूची पोती रचली. सकाळी धरण फुटले. तो लोंढा खडकवासल्यावर आला. ऐंशी वर्षांच्या त्या जुन्या दगडी भिंतीवरून पाणी वाहू लागले, तरी ती कित्येक तास उभी राहिली आणि दुपारी कोसळली. त्या तासांनी पुण्यातल्या असंख्य लोकांना उंच जागा गाठायला वेळ दिला. खडकवासल्याने सगळा लोंढा पुण्याकडे जाऊ दिला नाही, जेवढे झेपले तेवढे झेलले. तरीही नदीकाठच्या पेठा बुडाल्या, पूल वाहून गेले, हजारो घरे पडली आणि शेकडो माणसे दगावली. विश्वेश्वरय्या तेव्हा वयाची शंभरी गाठून बंगळुरूत होते. त्यांनी जपलेले तळे त्यांच्या हयातीतच रिकामे झाले.

न्यायमूर्ती नाईक आयोगाने चौकशी केली. पूरग्रस्तांसाठी गोखलेनगर, सहकारनगर, पर्वती अशा ठिकाणी वसाहती आणि लोखंडी पत्र्याच्या निसन हट उभारल्या गेल्या. पुण्याचा विस्तार कोणत्या दिशेला झाला, हे त्या पुराने बऱ्याच अंशी ठरवले. खडकवासल्याची भिंत पुन्हा बांधली गेली, पानशेतचीही. पुढे वरसगाव आणि टेमघर आले.

पानशेतच्या पुराची आठवण पुण्यात दरवर्षी निघते. त्या धरणांनी उठवलेल्या गावांची निघत नाही. आंबी आणि मोसे खोऱ्यांतली भाताची खाचरे, देवळे, घरे पाण्याखाली गेली आणि बरीच कुटुंबे दौंडच्या बाजूला, कालव्याच्या लाभक्षेत्रात पाठवली गेली. मुसळधार पावसात भात लावणाऱ्या माणसाला एकदम ज्वारी-उसाच्या मुलखात जाऊन शेती नव्याने शिकावी लागली. जे वर उरले त्यांच्या वाट्याला 'धरण उशाला, कोरड घशाला' ही म्हण आली. डोंगरातल्या कित्येक वाड्यांच्या विहिरी एप्रिल-मे महिन्यांत आटतात आणि खाली तळ्याचे पाणी चमकताना दिसत असते. मोसे खोऱ्यातच, वरसगावच्या जलाशयाकाठी, लवासा हे खासगी डोंगरशहर उभे राहिले तेव्हा ही विसंगती सगळ्या देशाला दिसली.

पाणी उतरते तेव्हा काठावर गाळाची जमीन उघडी पडते. तिच्यावर घेतल्या जाणाऱ्या पिकाला गाळपेर म्हणतात. ओल पुरेल तेवढ्या काळात येणारे पीक घ्यायचे आणि पाणी परतण्याआधी आवरायचे. खानापूर, मालखेड, सोनापूर, रुळे या गावांच्या हद्दीत हिवाळ्याअखेर फिरले तर तळ्याच्या पोटात हिरवे पट्टे दिसतात. त्याच दिवसांत उथळ पाण्यात चक्रवाक उतरलेले असतात. विटकरी रंगाची ही जोडीने फिरणारी बदके हिमालयापलीकडून येतात. डोणजे फाट्यापासून पानशेतकडे जाणाऱ्या रस्त्यावर ताजी मासळी विकायला बसलेले दिसतात ते बहुधा कातकरी आणि भोई. रोहू, कटला, मरळ आणि हल्ली सगळीकडे शिरलेली चिलापी त्यांच्याकडे असते.

30 जून 2021 रोजी 23 गावे पुणे महापालिकेत आली. त्यांत खडकवासला, किरकटवाडी, नांदेड आणि नांदोशी ही तळ्याशेजारची गावेही होती. धरण आता शहराच्या हद्दीवर नसून शहरातच आहे. वरच्या अंगाला गोऱ्हे बुद्रुकपासून पुढे हॉटेले, शेतघरे आणि बंगल्यांच्या वसाहती काठापर्यंत आल्या आहेत. त्यांचे सांडपाणी जिथे उतरते तेच पाणी शहर पिते. मला हा या परिसरापुढचा आजचा सर्वांत मोठा प्रश्न वाटतो. धरणाची भिंत कितीही मजबूत असली तरी काठ राखला नाही, तर तिचा उपयोग अर्धाच.

खालच्या बाजूचा प्रश्न विसर्गाचा आहे. जेमतेम दोन टीएमसीचे तळे जुलैत लवकर भरते आणि मग वरून येईल तेवढे पाणी सोडण्यावाचून इलाज उरत नाही. 25 जुलै 2024 रोजी विसर्ग पस्तीस हजार क्युसेकच्या घरात गेला आणि सिंहगड रस्त्यावरच्या एकतानगरीत लोकांना काढायला लष्कर बोलवावे लागले. नदीपात्र जितके अरुंद होत जाईल तितके हे वारंवार घडेल, कारण तळ्याची क्षमता काही वाढणार नाही.

कालव्याची कथाही शहराने बदलली. 27 सप्टेंबर 2018 रोजी पर्वतीजवळ कालव्याची भिंत फुटली आणि दांडेकर पुलाजवळच्या वस्तीत पाणी शिरले. एकेकाळी शेतातून गेलेला कालवा आता घरांच्या भिंतींना खेटून वाहतो. नवा उजवा कालवा इंदापूरपर्यंत सुमारे दोनशे किलोमीटर जातो. किती पाणी शहराला आणि किती आवर्तने शेतीला, यावर कालवा सल्लागार समितीच्या प्रत्येक बैठकीत ओढाताण होते. फुल्यांच्या मांजरीपलीकडे जुन्या कालव्याला लोक 'बेबी कालवा' म्हणतात. मुंढव्याहून उपसलेले पुण्याचे प्रक्रिया केलेले सांडपाणी त्यात सोडले जाते आणि हवेली-दौंडच्या शेतांत ऊस आणि भाजीपाल्याला जाते. टेमघरच्या डोंगरात पडलेला पाऊस खडकवासल्यात थांबून, पुणेकरांच्या घरांतून फिरून, अशा रीतीने शेवटी त्याच पूर्वेकडच्या जमिनीवर पोचतो जिच्यासाठी फाइफच्या काळात पहिली मोजणी झाली होती.